सरकारी मुऱ्हाळी

वकीलकाकांच्या अंगणात एकदा एक गाय सकाळपासून दुपारपर्यंत उभी होती. दोन चुलतभाऊ तिच्यावरून भांडत आले होते. एक म्हणे माझ्या गोठ्यात जन्मली, दुसरा म्हणे माझ्या गाईच्या पोटची. काकांनी दोघांचं ऐकूनच घेतलं नाही. चष्मा कपाळावर चढवला आणि विचारलं, "गाय कुठाय?"

"घरी."

"मग मी बोलू कुणाशी? जा, घेऊन या."

घर सहा कोसांवर. दुसऱ्या दिवशी दोघे घामाघूम होऊन गाय घेऊन हजर झाले. काकांनी खुर्ची अंगणात काढली, गाईसमोर मांडली आणि तिच्याकडे बघत बसून राहिले. तेवढ्यात गाईनं मान लांबवून काकूंच्या मुळ्याचा वाफा साफ केला. काकू बाहेर येऊन म्हणाल्या, "गाईचा निकाल लागायचा तेव्हा लागो, माझ्या मुळ्यांचा लागला!" दोघे भाऊ हसायला लागले. येताना वाटेत दोघांनी आळीपाळीनं तिला पाणी पाजलं होतं, निम्मं भांडण तिथेच विरलं होतं. उरलेलं अंगणात मिटलं. दावा झालाच नाही आणि दोन अशील हातचे गेले. काका मात्र चार दिवस खुशीत होते.

रत्नागिरीत त्यांच्या या खोडीला सगळे हसत. ज्याच्यावरून भांडण ते समोर पाहिजे, असा त्यांचा हट्ट. विहिरीचा तंटा आला तर हे आधी जाऊन त्या विहिरीचं पाणी प्यायचे. असंच एकदा कसलं तरी पाणी पिऊन आले आणि आठवडाभर कण्हत पडले. खटला जिंकले ती बातमी त्यांना अंथरुणात कळली. रंगानं काळेसावळे, उंच, जरा वाकलेले, अंगात काळा कोट, पगडी हातात. ती डोक्यावर चढायची फक्त कोर्टाच्या पायरीवर. चपलासुद्धा बहुतेक वेळा हातातच. पायाला जमीन लागली की डोकं चालतं, असं म्हणायचे. कातळावर उन्हाच्या वेळी असं चालून दाखवा म्हणावं कुणी! पण ते चालायचे.

मी त्यांच्या नात्याची नव्हे. मी ज्यांची मुलगी, त्यांचे ते वकील. आणि तरी मी त्यांच्या मागच्या पडवीत नऊ वर्षं राहिले. हे कसं झालं ते अजून रत्नागिरीत चुकीचं सांगतात. म्हणतात, वकिलानं बापाचं वकीलपत्र घेतलं आणि मुलीला फितवलं. साफ खोटं! त्यांनी मला एक अक्षर पढवलं नव्हतं. त्या दिवसापर्यंत आम्ही एकमेकांना धड पाहिलंही नव्हतं. ज्यांना ठाऊक होतं ती माणसं एकेक करून गेली, म्हणून आता मीच सांगते.

माझं लग्न तेराव्या वर्षी झालं. माहेर लांज्याकडचं, सासर हेदवीच्या अलीकडे खाडीकाठी. नवरा मुंबईला कामाला, वर्षातून एकदा गणपतीला यायचा, दहा दिवस राहायचा, त्यातले आठ झोपायचा. वाईट नव्हता. माझ्याशी बोलायचं काय हे त्याला कधी सुचलं नाही, आणि मलाही त्याच्याशी काय बोलावं ते कळलं नाही.

आमच्याकडे लग्न झालेल्या मुलीला माहेरी न्यायला जो माणूस येतो, त्याला मुऱ्हाळी म्हणतात. तो भाऊ असावा, नाहीतर चुलता किंवा मामा. मुऱ्हाळी आला की सासरी त्याला पायांवर पाणी, गूळ, जेवणखाण, आणि मग पाठवणी. मला भाऊ नाही. आप्पांनी, म्हणजे माझ्या वडिलांनी, एका वर्षी कापणीच्या गडबडीत घरच्या गड्यालाच मुऱ्हाळी म्हणून धाडलं. गडी सोन्यासारखा, मला अंगाखांद्यावर खेळवलेला. पण मामंजींच्या, माझ्या सासऱ्यांच्या, नाकाला ते झोंबलं. "सोयऱ्याला दुसरं माणूस मिळालं नाही काय? गड्याच्या मागून सून धाडू मी?" गडी रिकामा परत गेला.

आता चूक आप्पांचीच होती. दोन गोड शब्द पाठवले असते तर तिथेच मिटलं असतं. पण आप्पा ते आप्पा! पुढच्या खेपेला त्यांनी माझ्या चुलत्यांना पाठवलं, ते असा निरोप देऊन, की आमची मुलगी कुणाबरोबर न्यायची ते आमचं आम्ही ठरवू. चुलत्यांना ओटीवर पाण्याचा लोटासुद्धा मिळाला नाही. झालं! दोन वर्षं मी माहेर पाहिलं नाही. आईची पत्रं मामंजी फाडायचे. नारळी-पोफळीच्या आगराच्या दगडी गडग्याबाहेर पाऊल टाकायचं नाही, देवळात जायचं ते सासूबाईंच्या मागून. मामंजी बाहेर जाताना मागच्या दाराला बाहेरून कडी घालून जायचे. दोघांपैकी कुणाला मी हवी होते असं मला म्हणवत नाही. दोघांना आपला शब्द खाली पडायला नको होता.

त्यातच माझी थोरली जाऊ बाळंतपणात गेली. दोन दिवस वेणा देत होती. तिचं डोकं माझ्या मांडीवर होतं. काय करायचं हे त्या घरात कुणालाही ठाऊक नव्हतं, मलाही नव्हतं, आणि त्या न कळण्याचा मला जो राग आला तो अजून गेलेला नाही. तेव्हाच मनानं घेतलं, की हे शिकायचं. रत्नागिरीच्या इस्पितळात बायकांना हे काम शिकवतात, एवढं कानावर होतं. सासूबाईंजवळ बोलले तर त्या म्हणाल्या, "आणि तिची पोरं कोण सांभाळणार?" त्यांचंही खोटं नव्हतं. माहेरी बोलावं तर माहेरची वाट बंद.

शेवटी आप्पा चिडून रत्नागिरीला काकांकडे गेले. ही हकिगत मला पुढे काकूंनी सांगितली, आणि काकू तिखटमीठ लावत नसत, म्हणून खरी मानते.

काकांनी विचारलं, "मुलीचं वय?"

"एकविसावं चालू आहे."

"म्हणजे सज्ञान. मुलगी काय म्हणते?"

आप्पा हसले. "म्हणायचंय काय त्यात? बापाघरी यायला नको म्हणेल अशी मुलगी कुठे असते?"

"तिचं म्हणणं तिच्या तोंडात असेल, तुमच्या नाही," काका म्हणाले. "मी तिला बघून येतो."

हे वाक्य ते सगळ्यांना ऐकवायचे. पुढे मी त्या घरात असताना एक दीर आपल्या विधवा भावजयीला घेऊन आला आणि 'हिचं म्हणणं असं' म्हणून सुरू झाला. काकांनी त्याला गप्प केलं. तो म्हणाला, ती बोलायची नाही. "मग मी थांबतो," म्हणून काका अडकित्ता घेऊन सुपारी कातरत बसले. सकाळचा चहा झाला, जेवायची वेळ होत आली. शेवटी ती बाई बोलली, आणि दिरानं आणलेला तंटा एक आणि तिचा तंटा भलताच निघाला. दीर तेव्हाच उठून गेला. काकांनी त्या बाईचं काम घेतलं.

तर काका मला बघायला निघाले. पाण्याची त्यांना भयंकर भीती. जयगडची खाडी तरीतून ओलांडताना डोळे मिटून बसले होते म्हणे. दशभुजा गणपतीच्या दर्शनाला निघालोय असं सांगून ते आमच्या ओटीवर टेकले आणि पाणी मागितलं. मी दाराआडून लोटा पुढे केला. एक म्हातारा मांडीवर चपला घेऊन बसलेला दिसला. मला वाटलं, वेडा असावा बिचारा. त्यांनी "बाळ..." म्हणून तोंड उघडलं, तोच मामंजी आगरातून आले. संपली भेट.

परत जाऊन त्यांनी आप्पांना सांगितलं, "मुलगी दिसली नाही, हात दिसला. हात थरथरत नव्हता. पण मागच्या दाराला कडी बाहेरून आहे, ती मी परसात पाय धुवायला गेलो तेव्हा बघितली. तेवढी कडी मला पुरे." मग अट घातली. "मी तिला बाहेर काढीन. बाहेर आल्यावर ती सांगेल तिथे ती जाईल. कबूल?"

"कबूल, कबूल! दुसरं काय सांगणार आहे ती?"

काकांनी हे त्यांच्याकडून तीनदा वदवून घेतलं, आणि तिसऱ्यांदा काकूंना स्वयंपाकघरातून बाहेर बोलावून, साक्षीला. आप्पांना ही म्हाताऱ्याची लहर वाटली. काका म्हणाले, "तुमचा मुऱ्हाळी त्यांनी दारातून परत पाठवला ना? आता सरकारी मुऱ्हाळी धाडू. त्याला हेबियस कॉर्पस म्हणतात. कुणी माणूस कोंडला असेल तर त्याला सदेह समोर आणा, असं हायकोर्टाचं फर्मान. हा दारातून परत फिरत नाही." आप्पा इतके खूश झाले, की 'सरकारी मुऱ्हाळी' हा शब्द त्यांनी लांज्याच्या बाजारापर्यंत पोचवला.

अर्ज लिहिताना दोघांचं वाजलं. आप्पांना त्यात 'अनन्वित छळ', 'उपाशी ठेवणे' असं सगळं हवं होतं. काका एकेक शब्द खोडत गेले. "छळ बघितलात तुम्ही? कडी मी बघितली. कडी लिहायची." शेवटी अर्जाचं पान सव्वा उरलं. आप्पा म्हणाले, एवढ्याशा कागदाला हायकोर्ट काय भीक घालणार?

वैशाख सरत आला होता आणि पावसाळ्यासाठी बोटी बंद व्हायला थोडे दिवस राहिले होते. कागद मुंबईच्या ओळखीच्या वकिलाकडे धाडून भागलं असतं. पण काका स्वतः शेवटच्या बोटीनं गेले. खाडीतली होडीसुद्धा ज्यांना सोसत नव्हती ते गृहस्थ समुद्रातून मुंबईला! बंदरापासून बंदरापर्यंत ओकत गेले. सुट्टी संपून कोर्ट उघडेपर्यंत तिथेच बसून राहिले, आणि सुनावणीच्या दिवशी त्या मुंबईच्या वकिलाच्या मागे बसून त्याला सारखे ढोसत होते. हे त्या वकिलानंच पुढे हसत हसत सांगितलं. हुकूम झाला, की रत्नागिरीच्या जज्जसाहेबांनी मुलीला समोर बोलावून, एकटीला विचारून, तिचं म्हणणं लिहून घ्यावं आणि त्याप्रमाणे तिला मोकळं करावं. बोटी बंद झालेल्या, म्हणून काका कोल्हापूरवरून आंबा घाटानं मोटारीतून परतले. आले ते नखशिखांत भिजलेले, आणि आल्या आल्या झोपले ते दुसऱ्या दिवशी उठले.

बेलीफ आणि एक शिपाई आमच्या दारात आले तेव्हा मी जात्यावर बसले होते. मामंजींनी हुकूम उलटसुलट करून पाहिला. ते शिपायावर ओरडले, मग देवाचं नाव घेतलं, मग खाली बसले. ते दार कधी कुणी असं न विचारता उघडलं नव्हतं. निघताना सासूबाईंनी माझ्या हातात पोह्यांची पुरचुंडी दिली आणि तोंड फिरवलं. त्यांची मला आजही आठवण येते.

कोर्टाच्या पडवीत एका टोकाला आप्पा, दुसऱ्या टोकाला मामंजी. बाहेर आप्पांनी आणलेली बैलगाडी, आत गादी घातलेली, वर ताडपत्री. आईनं माझ्यासाठी जुनं लुगडं, बांगड्या, कायकाय गाठोड्यात बांधून दिलं होतं. आप्पांच्या चेहऱ्यावर विजय मावत नव्हता. त्यांनी मला बघून डोळे पुसले, हेही सांगते. त्यांचं माझ्यावर प्रेम नव्हतं असं नाही.

मामंजींच्या वकिलानं आधी जज्जसाहेबांपुढे मोठं भाषण केलं. कन्यादान झालं, मुलगी त्या घरची झाली, बापाचा आता काय संबंध? काका उठले. "कन्यादान बापानं केलं. हिनं स्वतःला कुणाला दान दिल्याचा कागद असेल तर दाखवा. नवऱ्याचं काही म्हणणं असेल तर त्यानं दिवाणी दावा लावावा, दाराला कडी लावू नये." दारातून ऐकणाऱ्या आप्पांनी मान डोलावली. त्या बोलण्याचा पहिला अर्धा आपल्यावरही येतो, हे त्यांच्या ध्यानात आलं नाही.

मग साहेबांनी दोन्ही वडीलधाऱ्यांना दूर पाठवून दार लावून घेतलं. आत साहेब, दोन्ही वकील, शिरस्तेदार आणि मी. साहेब गोरा, मराठी परीक्षेपुरती शिकलेला, म्हणून प्रश्न शिरस्तेदारांनी विचारला.

"बाई, तुला बापाकडे जायचंय की सासऱ्याकडे?"

सासरी म्हणावं तर पुन्हा ती कडी. बापाकडे म्हणावं तर आप्पांना मी चांगली ओळखत होते. चार दिवस लाडू खाऊ घालतील, गावभर मिरवतील, आणि मग एक तर मामंजींशी दिलजमाई करून परत पोचवतील, नाहीतर जन्मभर घरात बसवतील. इस्पितळाचं नाव काढलं तर म्हणतील, आपल्या घरच्या बायका असली कामं करत नाहीत. तरीसुद्धा 'बापाकडे' हा शब्द माझ्या ओठांवर आला होता. दोनच घरं विचारली होती, त्यातलं एक बरं म्हणायचं, एवढंच मला शिकवलेलं.

तेवढ्यात काका उठून उभे राहिले. "माझी हरकत आहे."

शिरस्तेदारांनी वर पाहिलं. "कशाला?"

"प्रश्नाला. प्रश्न चुकलाय."

"वकीलसाहेब, प्रश्न कोर्टाचा आहे. आणि तुम्ही तर बापाचे वकील!"

"हो. बापानं मला शब्द दिलाय की ती सांगेल तिथे ती जाईल. मी बापाचा शब्द सांभाळतोय." मग साहेबांकडे वळून इंग्रजीत काहीतरी लांबलचक बोलले, हातातला हुकूम वर करून दाखवला, आणि शेवटी माझ्यासाठी मराठीत म्हणाले, "हिच्यासमोर दोनच दारं ठेवलीत, दोन्ही दुसऱ्यांची. हायकोर्टानं हिचं म्हणणं विचारायला सांगितलंय. 'तुला कुठे जायचंय?' एवढं विचारा. त्यापुढे एक शब्द नको, माझ्या बाजूचासुद्धा नको."

माझ्या मनात काय आहे हे काकांना मुळीच ठाऊक नव्हतं. मी 'सासरी' म्हटलं असतं तर बोटीतलं ते सगळं ओकणं वाया, 'बापाकडे' म्हटलं असतं तर ही हरकत घेऊन हसं झालं असतं. आणि तरी तो माणूस उभा राहिला. मला त्यांचा अभिमान आहे, आणि तो सांगायला मी कुणाला भीत नाही.

साहेबांनी हुकूम मागून घेऊन वाचला. मग शिरस्तेदारांना थांबवून मोडक्या मराठीत स्वतःच विचारलं, "टुला कुठे जायाचा आहे?"

मी काहीतरी पुटपुटले. शिरस्तेदार म्हणाले, "मोठ्यानं."

मग मात्र मी मोठ्यानं म्हटलं. इतक्या मोठ्यानं, की बाहेरचा पट्टेवाला दार उघडून डोकावला. "मला इथेच राहायचंय! इस्पितळात! बाळंतपणं करायला शिकायचंय!"

साहेबांनी ते लिहून घेतलं. माझ्या तोंडचं वाक्य, जसंच्या तसं, सरकारी कागदावर! खाली अंगठ्यासाठी शाई पुढे केली तेव्हा मी म्हटलं, मला सही येते. आप्पांनी मला चार यत्ता शिकवलं होतं, ते मी विसरत नाही.

बाहेर आल्यावर काकांनी स्वतः आप्पांना सांगितलं. पगडी काढून हातात घेतली होती. "तुमचं काम झालं. मुलगी मोकळी आहे. तिला इथे राहून शिकायचंय."

आप्पांना आधी कळलंच नाही. मग कळलं. "विश्वासघात!" ते ओरडले. "वकील आहात का कोण आहात?" मग माझ्याकडे वळून, "चल, गाडीत बस."

काका मध्ये आले नाहीत. मीच मान हलवून नाही म्हटलं. जागची हलले नाही.

"मग आजपासून मला मुलगी नाही," आप्पा म्हणाले आणि त्या गादी घातलेल्या रिकाम्या गाडीत जाऊन बसले. मामंजी हसत होते. आपणही रिकाम्या हातानंच चाललोय हे त्यांना जरा उशिरानं उमगलं.

पाऊस धो धो कोसळत होता आणि मी कोर्टाच्या पायरीवर पोह्यांची पुरचुंडी घेऊन उभी. काका अगदी कृतार्थ चेहऱ्यानं बघत होते, जणू आता कुणाचं काही करायचं राहिलंच नाही. मग त्यांनी विचारलं, "राहणार कुठे तू?"

"ठाऊक नाही."

"अरेच्चा!" काका म्हणाले. हायकोर्टापर्यंत जाऊन आलेल्या माणसाला संध्याकाळचा विचार सुचला नव्हता. मग मला छत्रीत घेऊन घरी गेले, म्हणजे छत्री माझ्यावर आणि स्वतः बाहेर. काकू दारात. त्यांनी सगळं ऐकलं आणि कमरेवर हात ठेवले.

"हिला विचारलंत. मला विचारलंत का?"

काका पावसात पायरीवरच थांबले. खरोखर गांगरले. "तुझी हरकत आहे?"

"हरकत कसली मेली! पण विचारायचं होतं," असं म्हणून काकूंनी मला हाताला धरून आत ओढलं. काकांनी मग बाहेरूनच, भिजत, रीतसर विचारलं. काकूंनी हो म्हटल्यावर आत आले.

पुढची दोन वर्षं एकही बाप त्या घराची पायरी चढला नाही. वकील मंडळी काकांना म्हणत, स्वतःच्याच अशिलाला हरवणारा वकील हिंदुस्थानात एकच. काका हे पदकासारखं मिरवत. मी म्हणायचे, "काका, तुम्हाला वाईट नाही वाटत?" तर म्हणायचे, "अशील हरला नाही. त्यानं जे मागितलं ते त्याला मिळालं. त्याला जे हवं होतं ते त्यानं मागायला हवं होतं."

विचारण्याचं त्यांचं वेड घरातसुद्धा सुटायचं नाही. रोज सकाळी काकूंना विचारायचे, आज तुला काय करायचंय? काकू फणकारायच्या, "स्वयंपाक! आणखी काय? लग्नात कुणी एका शब्दानं विचारलं नाही, आणि आता हे रोज विचारतात. वीट आला बाई!" एकदाच त्यांचं चुकलं. माझी परीक्षा झाल्यावर त्यांनी इस्पितळातल्या मोठ्या बाईंना परस्पर सांगून टाकलं, की ही खाडीपलीकडे भाट्याच्या बाजूच्या वस्त्यांवर बाळंतपणांना जाईल. मला तिथेच जायचं होतं, पण मी भडकले. "मला विचारलंत?" म्हातारा स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभा राहिला, दोन्ही कान धरून. "माफी असावी, बाईसाहेब." काकू हसून हसून खाली बसल्या.

भाट्याच्या कोळणींची किती बाळंतपणं केली ते मी मोजलं नाही. पहिल्याच बाईच्या घरातून निघताना मला जावेची आठवण होऊन रडू आलं, आणि तिच्या सासूनं माझ्या पदरात सुके बोंबील बांधले. माझ्या नवऱ्यानं दुसरं लग्न केलं. त्याच्यावर माझा राग नाही. त्यालाही कधी कुणी विचारलं नव्हतं.

आप्पांकडून सहा वर्षं अक्षर नाही. मग एका सकाळी ते स्वतःच आले. लांज्याच्या मोटारीनं, हातात काठी, खूप वाळलेले. काका ओटीवर सुपारी कातरत होते. आप्पांनी नमस्कार केला नाही, बसलेही नाहीत. "हिला न्यायला आलोय," ते काकांना म्हणाले. "हिची आई अंथरुणाला खिळलीय."

"मग मला काय सांगता?" काका म्हणाले. "ती इथे आहे."

मी कामाला निघायच्या बेतात दारात उभी होते. आप्पा माझ्याकडे बघेनात. मला वाटत होतं धावत जावं, पण मीही थांबले. काकांनी आमच्या दोघांकडे एकदा बघितलं, आणि अडकित्ता, सुपारी गोळा करून मुकाट्यानं आत निघून गेले. जाताना काकूंनाही दारातून मागे नेलं.

आप्पा जमिनीकडे बघत म्हणाले, "येतेस काय गो, बाय?"

सत्ताविसाव्या वर्षी आप्पांनी मला पहिल्यांदा काही विचारलं.

"येते," म्हटलं. "पण चारच दिवस. रजा तेवढीच मिळेल."

"चार तर चार," आप्पा म्हणाले. त्यांनी माझ्या हातातली पिशवी घेतली, आणि मोटार चुकू नये म्हणून भराभर पुढे चालू लागले.